कलातोझोव्ह: मूळचा कॅमेरामन. मग ती शैली नक्की कुणाची?

गवाक्ष

‘द क्रेन्स आर फ्लाइंग’ किंवा ‘आय अ‍ॅम क्यूबा’ची चर्चा निघाली की पाचव्या मिनिटाला कुणीतरी म्हणतंच, “खरी कमाल उरुसेव्हस्कीची, दिग्दर्शक नुसता नशीबवान.” सेर्गेई उरुसेव्हस्की थोर छायालेखक होता, त्याबद्दल वादच नाही. पण या दोन्ही सिनेमांचा सोव्हिएत दिग्दर्शक मिखाईल कलातोझोव्ह स्वतः कॅमेरामन होता. उरुसेव्हस्कीची गाठ पडायच्या पंचवीस वर्षं आधी त्याने स्वतः जे चित्रित केलं, त्यात पुढचं बरंचसं दिसतं. ते सहसा कुणी सांगत नाही, म्हणून हा धागा.

जन्म १९०३, तिफ्लिस म्हणजे आजचं त्बिलिसी. मूळ आडनाव कलातोझिश्विली. जॉर्जियन भाषेत ‘कलातोझी’ म्हणजे गवंडी, त्यामुळे हा गवंड्याचा पोर. रशियन वळणाने त्याचं कलातोझोव्ह झालं. त्बिलिसीच्या स्टुडिओत पडेल ते काम करत तो कॅमेऱ्यापर्यंत आला. १९२७ च्या ‘गिउली’चं छायालेखन त्याचं. १९२८ मध्ये नुत्सा गोगोबेरिद्झे हिच्याबरोबर त्याने ‘देअर किंगडम’ केला. जॉर्जियातली पहिली स्त्री दिग्दर्शक म्हणून तिचं नाव घेतलं जातं.

आणि मग १९३० चा ‘जिम श्वान्ते’, म्हणजे ‘सॉल्ट फॉर स्वानेतिया’. मूकपट, तासाभराचाही नाही. कल्पना लेखक सेर्गेई त्रेत्याकोव्हची, कॅमेऱ्यावर शाल्वा गेगेलाश्विली आणि स्वतः कलातोझोव्ह. जागा उश्गुली: काकेशसमधलं २,००० मीटरच्या वर वसलेलं गाव, घराघराला दगडी मनोरा, आणि मिठाचा खडाही नाही. मीठ पाठीवर लादून खिंडीतून आणायचं. जनावरं माणसाचा घाम चाटतात, कारण खारट तेवढंच मिळतं. जुलैमध्ये बर्फ पडून पीक जातं. शेवट अर्थातच रस्ता बांधणाऱ्या बोल्शेविकांचा, तो त्या काळचा कर समजून भरून टाकावा. माहितीपट म्हणवतो, पण त्यात घडवून आणलेली दृश्यं भरपूर आहेत. तो विषय वेगळा.

माझा मुद्दा चौकटीचा आहे. नांगरणारा, वाहणारा, कातरणारा माणूस पायाच्या उंचीवरून घेतलेला, क्षितिज पार खाली ढकललेलं, डोक्यामागे फक्त आकाश. मनोऱ्यावरून सरळ खाली घेतलेला कोन, त्यात अंगण नकाशासारखं दिसतं. चौकट मुद्दाम तिरपी. काम करणारे हात इतके जवळ की माणसापेक्षा मोठे वाटावेत. आता ‘आय अ‍ॅम क्यूबा’मधला ऊसतोडीचा भाग काढून शेजारी लावा. कॅमेरा सुटा झाला, भिंग रुंद झालं, पण नजर तीच आहे.

तिरपी_चौकट

चांगला धागा. पण तुम्ही पुरावा सोयीचा तेवढाच मांडला आहे.

१९५४ चा ‘लॉयल फ्रेंड्स’ बघा. दिग्दर्शक कलातोझोव्ह, कॅमेरा मार्क मागिदसनचा. तीन जुने मित्र तराफ्यावरून नदीने निघतात, अशी प्रसन्न विनोदी गोष्ट. कॅमेरा शहाण्या मुलासारखा एका जागी बसलेला. मग १९६९ चा ‘द रेड टेंट’, त्याचा शेवटचा सिनेमा. उंबेर्तो नोबिलेचं ‘इतालिया’ हे हवाई जहाज १९२८ मध्ये आर्क्टिकच्या बर्फावर कोसळलं त्याची कथा. शॉन कॉनरी, क्लाउडिया कार्डिनाल, पीटर फिंच, सगळा लवाजमा. कॅमेरा लिओनिद कलाश्निकोव्हचा. बर्फाचा विस्तार देखणा आहे, पण ‘हा कलातोझोव्ह’ असं न सांगता कुणी ओळखणार नाही. म्हणजे उरुसेव्हस्की नसला की शैली गायब. याचं काय करायचं?

उरुसेव्हस्कीच्या बाजूनेही बघा. तो चित्रकलेतून आलेला, चित्रकार फावोर्स्कीच्या हाताखाली शिकलेला. १९५६ मध्ये चुखराईचा ‘द फॉर्टी-फर्स्ट’ त्याने रंगात केला. वाळू आणि चेहरा, एवढ्यावर त्यात काय काय उभं केलंय! तिथे कलातोझोव्ह कुठेच नाही.

गवाक्ष

बरोबर, ते दोन सिनेमे माझ्या विरोधात जातात. पण मधली वर्षं विसरू नका. १९३१ चा ‘नेल इन द बूट’ हा त्याचा पुढचा सिनेमा. चिलखती आगगाडी शत्रूच्या वेढ्यात सापडलेली, निरोप घेऊन निघालेल्या सैनिकाच्या बुटातला खिळा पायात घुसतो, निरोप पोहोचत नाही, आणि पुढे त्याच्यावर खटला. या सिनेमावर बंदी आली, ‘रूपवादी’, म्हणजे आशयापेक्षा रूपाला महत्त्व देणारा, असा शिक्का बसला. त्यानंतर १९३९ च्या ‘करेज’पर्यंत दिग्दर्शन नाही. त्या काळात माणूस स्टुडिओच्या कारभारात, नंतर युद्धात सोव्हिएत सिनेमाचा प्रतिनिधी म्हणून लॉस एंजेलिसला. १९४१ चा ‘व्हॅलेरी च्कालोव्ह’ वैमानिकावरचा, त्यात पुलाखालून विमान काढण्याचा प्रसंग आहे. तेवढ्यापुरती जुनी खुमखुमी दिसते. शिक्का बसलेल्या माणसाने १९५४ मध्ये कॅमेरा शांत ठेवला, याचं श्रेय मी मागिदसनला देणार नाही.

‘द रेड टेंट’बद्दल मात्र माझ्याकडे असं उत्तर नाही.

तिरपी_चौकट

उरुसेव्हस्कीने पुढे स्वतः दिग्दर्शन केलं, ऐत्मातोव्हच्या कथेवर, एका घोड्याची गोष्ट. कॅमेरा घोड्यासारखाच उधळतो. एकेक शॉट बघताना तोंडात बोटं जातात, पण एकाचा दुसऱ्याला आधार नाही. तेव्हा कलातोझोव्हशिवाय तो सुटा पडतो आणि त्याच्याशिवाय कलातोझोव्ह थंड पडतो, इतपत मी मान्य करेन. ‘नशीबवान’ हा शब्द मी मागे घेतो. वापरला मी नव्हताच, तरी.

कुतूहल

मधेच विचारते. या सिनेमांत कॅमेरा हातात धरलेला असूनही आजच्या हातातल्या कॅमेऱ्यासारखा थरथरत कसा नाही? स्टेडिकॅम तर तेव्हा नव्हता ना?

अठरा_मिमी

स्टेडिकॅम, म्हणजे कॅमेऱ्याचे धक्के शोषणारा अंगावरचा पट्टा, १९७० च्या दशकातला. इथे उत्तर भिंगात आहे, आणि ते आकड्यांनीच सांगावं लागेल.

‘क्रेन्स’मध्ये रुंद भिंगांचा सढळ वापर आहे, ‘क्यूबा’मध्ये तर मुख्यतः ९.८ मिमीचं किनोप्टिक कंपनीचं भिंग. जुन्या ३५ मिमी चौकटीची रुंदी सुमारे २२ मिमी धरा. ५० मिमी भिंगातून आडवा कोन येतो सुमारे २५ अंश, १८ मिमीतून ६३, आणि ९.८ मिमीतून जवळपास ९७. आता हात १ अंशाने हलला तर चित्र किती सरकेल? ५० मिमीला चौकटीच्या रुंदीच्या ४ टक्के. ९.८ मिमीला ०.८ टक्के. तोच हात, तोच धक्का, पडद्यावर पाचपट कमी.

फोकसचंही तसंच. अ‍ॅपर्चर, म्हणजे भिंगाचं तोंड, एफ/८ इतकं आवळलं आणि ०.०२५ मिमी इतकी धूसरता चालवून घेतली, तर ९.८ मिमी भिंग साधारण अर्ध्या मीटरवर लावून सोडून द्यायचं. २५ सेंटिमीटरपासून अनंतापर्यंत सगळं स्पष्ट. १८ मिमीला ती जवळची हद्द ८० सेंटिमीटरवर जाते, ५० मिमीला सव्वासहा मीटरवर. म्हणजे धावत्या माणसामागे पळताना फोकस ओढणारा साहाय्यक लागतच नाही. ‘क्यूबा’तल्या लांबलचक फिरत्या शॉट्समागे हे साधं गणित आहे. ‘प्रतिभा’ हा शब्द त्यानंतर.

आता यातले खड्डे:

थरथर कमी झाली तरी कॅमेरा कुशीवर झुकला तर तो झुकाव कुठलंच भिंग लपवत नाही. क्षितिज ५ अंश कलंडलं की ५ अंशच दिसणार. कलातोझोव्ह-उरुसेव्हस्कींनी हा दोष वापरूनच घेतला, जिथे झुकायचं तिथे पुरतं झुकवलं. नवशिक्यांचं फसतं ते दोन-तीन अंशांवर. ते ठरवून केलेलं वाटत नाही, चुकल्यासारखं वाटतं.

दुसरं, चेहरा. ९.८ मिमीने ५०–६० सेंटिमीटरच्या आत गेलं की नाक पुढे येतं आणि कान मागे पळतात. चेहरा चौकटीच्या कडेला गेला की तो आडवा ताणला जातो. जवळ जायचंच असेल तर चेहरा मधल्या तिसऱ्या भागात ठेवायचा.

तिसरं, ९७ अंशांत सगळं येतं: दिव्यांचे स्टँड, केबल, साहाय्यकाचे पाय, खुद्द कॅमेऱ्याची सावली. सूर्य पाठीमागे आणि खाली असेल तर सावली टळतच नाही. ‘क्यूबा’त बरंच काही भर उन्हात, सूर्य डोक्यावर असताना आहे, त्याला हेही एक कारण असावं.

आणि तिन्ही भिंगं फिरत्या चकतीवर लावायच्या कॅमेऱ्यात, कोनवास असो वा एक्लेअर कॅमेफ्लेक्स, इतकं रुंद भिंग वापरताना शेजारचं लांब भिंग चौकटीत डोकावतं. बाकीची भिंगं उतरवायची आणि त्या जागी झाकणं लावायची. व्ह्यूफाइंडरच्या अंधाऱ्या कोपऱ्यात हे पटकन दिसत नाही, लॅबमधून रश, म्हणजे धुतलेली पहिली प्रत, आल्यावर कळतं.

गवाक्ष

कोनवास हे नावही मजेचं आहे. रचनाकार वासिली कॉन्स्टंटिनोव्ह, त्याच्या आडनाव-नावाचे तुकडे जोडून केलेलं.

कुतूहल

आणि एकेक शॉट किती लांब घेता येत होता?

अठरा_मिमी

फिल्म ठरवते. ३५ मिमीची एक चौकट १९ मिमी उंच, सेकंदाला २४, म्हणजे मिनिटाला २७.४ मीटर. ६० मीटरच्या मॅगझीनवर (कॅमेऱ्यावरचा फिल्मचा डबा) २ मिनिटं ११ सेकंद, १२० मीटरवर ४ मिनिटं २३ सेकंद. प्रत्यक्षात सुरुवातीचे आणि शेवटचे काही सेकंद सोडायचे, म्हणजे चार मिनिटं समजा. ३०० मीटरचं मॅगझीन ११ मिनिटं देतं, पण ते हातात घेऊन कुणी जिने चढत नाही.

चाक_आणि_दोर

आता शॉट कसे काढले त्याकडे येऊ.

‘क्रेन्स’मधला निरोपाचा शॉट आधी घ्या. नायिका व्हेरोनिका बसमध्ये, कॅमेरा तिच्यासमोर. ती उतरते, कॅमेरा मागोमाग उतरतो, गर्दीतून तिच्याबरोबर जातो, आणि ती रणगाड्यांच्या रांगेत घुसते तसा वर उचलला जातो. बसमधून हातात कॅमेरा घेऊन निघालेला ऑपरेटर शेवटी क्रेनवर पाय ठेवतो, एवढीच युक्ती. एवढीच म्हणतोय, पण माणूस चढला की क्रेनचा तोल जातो. तेवढं वजन पाटावर आधी ठेवून तोल साधायचा, आणि माणूस चढताक्षणी ते काढून घ्यायचं किंवा मागच्या बाजूला भरायचं. नाहीतर पाट खाली बसतो आणि पडद्यावर उचकी दिसते.

‘क्यूबा’तली अंत्ययात्रा याच्या पुढची पायरी. शहीद विद्यार्थी एन्रिकेचं झेंड्याखालचं पार्थिव रस्त्यातून चाललंय. कॅमेरा जमिनीवरून निघतो, इमारतीच्या बाजूने निदान चार मजले वर जातो, आडवा सरकतो, सिगार वळणाऱ्यांच्या खोलीत शिरतो, कामगारांमधून पुढच्या खिडकीशी येतो, तिथून झेंडा सोडला जातो, आणि कॅमेरा खिडकीबाहेर पडून रस्त्याच्या मधोमध, दोन्ही बाजूंच्या इमारतींमधून हवेत तरंगत निघतो. एकही कट नाही. ऑपरेटरच्या अंगात आकडे असलेलं जाकीट, आणि ठिकठिकाणी उभी असलेली माणसं त्याला एका दोरातून सोडवून दुसऱ्यात अडकवतात. दहीहंडीच्या थरांसारखंच, वरच्याला धरल्याशिवाय खालच्याने सोडायचं नाही.

असं काही करायला निघालात तर चुकतं कुठे?

दोराचा झोका. टांगलेली कुठलीही वस्तू लंबकासारखी हलते. ४ मीटर दोरावर एक झोका ४ सेकंदांचा, १० मीटरवर सव्वासहा सेकंदांचा. तुम्ही एका सेकंदात धक्का देऊन निघालात की पुढचा अख्खा शॉट डुलतो. वेग हळूहळू, एका पूर्ण झोक्याएवढ्या वेळात वाढवायचा, थांबतानाही तसंच. ‘क्यूबा’तला शेवटचा प्रवास किती संथ निघतो ते पुन्हा पाहा.

एकाच दोरावर टांगलं की माणूस स्वतःभोवती फिरतो. दोन बिंदूंवर, खांद्याच्या रुंदीइतक्या अंतरावर टांगलं तर फिरणं आटोक्यात येतं.

हस्तांतर. नवा आकडा बसला, त्यावर वजन आलं, मग जुना सोडला. वजन यायच्या आधी सोडला तर काही सेंटिमीटरचा गचका बसतो. तो लपवायची सगळ्यात सोपी जागा म्हणजे कॅमेरा आधीच एका दिशेने हलत असतो ती.

उजेड. रस्त्यावर ऊन आणि आत खोली, यात सहज ४–५ स्टॉपचा फरक (एक स्टॉप म्हणजे उजेड दुप्पट किंवा निम्मा). एक तर चालू शॉटमध्ये अ‍ॅपर्चर फिरवायचं, तेही कॅमेरा खिडकीची चौकट ओलांडतो त्या अर्ध्या क्षणात. नाहीतर आतला उजेड वाढवायचा. नाहीतर रस्ता सावलीत असेल ती वेळ साधायची. सावलीतला रस्ता असेल तर निम्मं काम निसर्ग करतो.

हे माणसाला टांगून करू नका, हे वेगळं सांगायला नको. आज कॅमेरा जिंबलवर (कॅमेरा आपोआप स्थिर ठेवणारं यंत्र) ठेवून तो दोरावरच्या गाडीला चुंबकाने चिकटवता येतो. फक्त जिंबल प्रत्येक झुकाव खाऊन टाकतो. सगळं गुळगुळीत होतं आणि त्या शॉटमधलं माणसाचं अंग निघून जातं. निदान झुकावाचं स्थिरीकरण बंद ठेवून पाहा.

पाणकोंबडी

गच्चीवरून सुरू होऊन तरणतलावात बुडणारा शॉट राहिला की! सौंदर्यस्पर्धा, बॅंड, मग कॅमेरा कठड्यावरून खाली, मग थेट पाण्याखाली. ‘बूगी नाइट्स’मध्ये याच शॉटला सलाम केलाय.

चाक_आणि_दोर

तिथेही हातोहात देणं आणि बाहेरून खाली येणारा तात्पुरता पाळणा. खरा प्रश्न पाण्याचा. कॅमेरा जलरोधक आवरणात, ते उघडच. पण भिंगासमोरच्या काचेवर थेंब राहिले की शॉट फुकट गेला, आणि पाण्यात शिरताना शिंतोडे उडणारच. त्यासाठी पाणबुडीच्या पेरिस्कोपची काच स्वच्छ ठेवणारं उपकरण वापरलं. अशा यंत्रणांचं एक रूप म्हणजे वेगाने फिरणारी गोल काच, थेंब पडला की बाहेर फेकला जातो. जहाजांच्या सुकाणूघरात असते तशी.

अठरा_मिमी

पाण्यात भिंग बदलतंच, त्याचा हिशोब जोडतो. सपाट काचेमागून ९.८ मिमीचा ९७ अंशांचा कोन पाण्यात ६८ अंशांवर येतो, म्हणजे साधारण १६ मिमी भिंगासारखा. सगळं एक तृतीयांशाने मोठं आणि पाऊण अंतरावर असल्यासारखं दिसतं. ५० मिमी भिंग असतं तर पाण्यात शिरताक्षणी फोकस गेला असता. इथे मर्यादा २५ सेंटिमीटरपासून असल्याने फरकच पडत नाही.

तिरपी_चौकट

हे सगळं वाचून मला उलट प्रश्न पडतो. ही सर्कस बघताना मारिया, पेद्रो, एन्रिके, मारियानो या चार माणसांपैकी एखादं तरी लक्षात राहतं का? सिनेमा १९६४ मध्ये आला तेव्हा क्यूबात तो आपला वाटला नाही आणि मॉस्कोतही कुणी उचलला नाही. मग जवळपास तीस वर्षं पेटीत. १९९२ ला टेल्युराइडच्या महोत्सवात दाखवला, १९९५ मध्ये स्कॉर्सेसी आणि कोपोला यांच्या नावाने अमेरिकेत प्रदर्शित झाला, आणि तेव्हापासून कॅमेरामन लोक त्याची पारायणं करतात. प्रेक्षक करत नाहीत.

‘क्रेन्स’चं तसं नाही. १९५८ मध्ये कान महोत्सवात पाम द’ऑर मिळालं, आणि तो आजही सामान्य माणसाला रडवतो. कारण तिथे कॅमेरा धावतो तेव्हा व्हेरोनिका धावत असते. तिचा प्रियकर बोरीस गोळी लागून पडतो आणि बर्चची झाडं गरगरतात, त्यावर तोच जिना परत येतो, जो सुरुवातीला तो तिच्यामागे धापा टाकत चढला होता. जिन्याच्या मधल्या पोकळीतून वर जाणारा तो कॅमेरा दुसऱ्यांदा आला की पोटात कालवतं. ‘क्यूबा’त असं परत येणारं काही नाही.

गवाक्ष

‘क्यूबा’बद्दल निम्मं मान्य. पेद्रोचा भाग वगळा. जमीन कंपनीला विकली गेल्याचं कळल्यावर म्हातारा उसात वेड्यासारखा कोयता चालवतो आणि मग शेत पेटवतो, तिथे कॅमेऱ्याचं वेड आणि माणसाचं वेड एकच आहे. आणि तो तुकडा तर ‘जिम श्वान्ते’तून उचलून आणल्यासारखा. खालून घेतलेला माणूस, मागे काळं आकाश.

कुतूहल

ते काळं आकाश आणि पांढरा ऊस, हे लॅबमध्ये केलंय की कसं? माडांच्या झावळ्याही पिसांसारख्या पांढऱ्या दिसतात.

रसायनशाळा

लॅबमध्ये नाही, फिल्मच वेगळी. ‘क्यूबा’तल्या बऱ्याच दृश्यांना अवरक्त, म्हणजे इन्फ्रारेड फिल्म वापरली आहे.

कारण असं. हिरवं पान लाल प्रकाश शोषतं, पण ७०० नॅनोमीटरच्या पुढचा अवरक्त प्रकाश जोरात परत फेकतं. हे काम हरितद्रव्याचं नाही, पानाच्या आतल्या पेशी आणि हवेच्या पोकळ्यांचं. म्हणून अवरक्त फिल्मवर झाडं बर्फासारखी. निळं आकाश विखुरलेल्या आखूड लहरींचं बनलेलं, त्यात अवरक्त जवळजवळ नाही, म्हणून ते काळं. ढग मात्र पांढरेशुभ्र. पाणी काळं. त्वचा दुधासारखी, डोळ्यांची बुबुळं गडद.

करायचं असेल तर:

गाळणी लागतेच. ही फिल्म निळ्या प्रकाशालाही संवेदनशील असते, तो अडवला नाही तर ती साध्या फिल्मसारखीच वागते. गडद लाल, २५ क्रमांकाची गाळणी लावली तर व्ह्यूफाइंडरमधून दिसतं आणि परिणामही चांगला. पूर्ण काळी, फक्त अवरक्त जाऊ देणारी गाळणी लावली तर परिणाम तीव्र, पण आरशाच्या व्ह्यूफाइंडरमधून ऑपरेटरला काहीच दिसत नाही. हातातल्या कॅमेऱ्याला ती चालणारच नाही.

फोकस सरकतो. अवरक्त प्रकाश किंचित मागे एकवटतो, त्यामुळे भिंग नाभीय अंतराच्या (भिंगावर लिहिलेल्या मिमी आकड्याच्या) सुमारे पाव टक्का पुढे घ्यावं लागतं. ५० मिमीला हा फरक ०.१२५ मिमी. एफ/२.८ ला फिल्मपाशी सूट असते ०.०७ मिमीची, म्हणजे चित्र मऊ येणार. ९.८ मिमीला मात्र फरक ०.०२५ मिमी, एफ/२.८ लाही सूटीत बसतो. रुंद भिंगाने इथेही वाचवलं.

मीटरवर विसंबू नका. लाइटमीटर अवरक्त मोजत नाही. त्याच फिल्मच्या तुकड्यावर एकेका स्टॉपच्या अंतराने पाच चाचण्या घ्या, लॅबमधून धुऊन आणा, मग ठरवा.

मॅगझीन पूर्ण अंधारात भरा. साध्या फिल्मला पुरणारं झाकण अवरक्तला पुरतंच असं नाही. कडेने धुकं आलं तर आधी तिथे पाहा. उष्ण हवेत ही फिल्म लवकर धुरकटते, म्हणून थंड ठेवायची, पण डबा गार असताना उघडला तर दव धरतं. दोन-तीन तास बाहेर ठेवून मगच उघडायचा.

कपडे फसवतात. काळं कापड कधीकधी राखाडी, अगदी पांढरटही येतं, कारण रंग डोळ्याला काळा असला तरी अवरक्तला पारदर्शक असतो. पोशाख आधी तपासा.

आणि ढगाळ दिवशी उद्योगच करू नका. झाडं थोडी फिकी दिसतील, पण आकाशाला काळं व्हायला निळं असावं लागतं.

कुतूहल

डिजिटलवर?

रसायनशाळा

सेन्सरपुढे अवरक्त अडवणारी काच असते, ती काढून घ्यावी लागते. काढल्यावर तो कॅमेरा रंगीत कामाला जवळपास निकामी, तेव्हा जुना कॅमेरा वापरा. पुढे ७२० नॅनोमीटरची गाळणी. काही भिंगांत छोट्या अ‍ॅपर्चरला चौकटीच्या मधोमध उजळ डाग येतो. तो भिंगाच्या आतल्या लेपामुळे, नंतर पुसता येत नाही. अ‍ॅपर्चर एफ/५.६ च्या आसपास उघडा, नाहीतर भिंग बदला. घरात एलईडीखाली काही मिळणार नाही, जुना पिवळा बल्ब मात्र अवरक्त भरपूर देतो.

पाणकोंबडी

‘लेटर नेव्हर सेंट’चं नावच कुणी घेतलं नाही. सैबेरियात हिरे शोधणारे चार भूवैज्ञानिक, मग वणवा. आगीतून पळणाऱ्या माणसांबरोबर कॅमेरा पळतो, फांद्या भिंगावर आपटतात. नट स्मोक्तुनोव्हस्की आणि ‘क्रेन्स’ची नायिका सामोयलोवा दोघंही आहेत. ‘क्रेन्स’ आणि ‘क्यूबा’ यांच्या मधला, दोन्हींपेक्षा कमी पाहिलेला, आणि माझ्या मते तिन्हींत सगळ्यात तोलाचा.

तिरपी_चौकट

+१. तिथे निसर्ग कथेतच असल्यामुळे कॅमेऱ्याचा अतिरेक टोचत नाही.

एक भर. कलातोझोव्हचा मुलगा गिओर्गी छायालेखकच झाला. १९६३ चा ‘व्हाइट कॅरॅव्हॅन’ त्याने आणि लिओनिद कलाश्निकोव्हने मिळून चित्रित केला. तोच कलाश्निकोव्ह पुढे बापाच्या ‘द रेड टेंट’वर. नातू मिखेईल दिग्दर्शक झाला, २००८ चा ‘वाइल्ड फील्ड’ त्याचा. त्या घराने आडनाव परत कलातोझिश्विली लावलं, हे बरं केलं.

कुतूहल

पाहायला कुठून सुरुवात करू?

गवाक्ष

‘क्रेन्स’ आधी. मॉसफिल्मने स्वतःच्या यूट्यूब वाहिनीवर टाकला आहे. मग ‘लेटर’, मग ‘क्यूबा’, आणि ‘जिम श्वान्ते’ शेवटी, म्हणजे मागे वळून पाहिल्यासारखा. तो आधी पाहिलात तर जुना माहितीपट म्हणून निघून जाईल.

जुनी_रिळं

‘जिम श्वान्ते’बद्दल एक सूचना. त्या काळचे बरेच कॅमेरे हाताने फिरवायचे. एका फेऱ्यात ८ चौकटी, सेकंदाला दोन फेरे, म्हणजे १६. प्रत्यक्षात कॅमेरामन आणि प्रसंगागणिक वेग १६ ते २४ मध्ये कुठेही असे. उजवा हात दांडा फिरवण्यात गुंतलेला, त्यामुळे कॅमेरा वळवायचा तर एकट्या डाव्या हाताने. तेव्हा कॅमेरा फिरवण्यापेक्षा आधी कोन शोधायची सवय त्या पिढीच्या हाडीमाशी का खिळली, हे वेगळं सांगायला नको.

आंतरजालावरच्या प्रतींत हे सगळं सरसकट २४ ने धावतं. तुमची प्रत जोरात धावतेय का, हे पडणाऱ्या वस्तूवरून ओळखा: २० मीटर उंचीवरून सोडलेला दगड जमिनीवर यायला २ सेकंद लागले पाहिजेत. दगड नसेल तर चालणारा माणूस घ्या, मिनिटाला शंभर-सव्वाशे पावलं. त्याहून बरीच जास्त भरली तर प्लेअरचा वेग ०.७५ करा, म्हणजे १८ चौकटी झाल्या. आवाजाचा प्रश्न नाही, संगीत नंतर चिकटवलेलं आहे, ते खुशाल बंद करा. घोड्याचा प्रसंग आला की मात्र परत १ वर आणा.

कुतूहल

घोड्याला १ वर का?

जुनी_रिळं

अंत्यविधीत घोडा ऊर फुटेपर्यंत पळवतात, तो प्रसंग. तिथे तुकडे इतके आखूड जोडले आहेत की ०.७५ ला जोडणीचा ठेका मोडतो. नांगरणीला ०.७५, घोड्याला १.